मशीन आलं, हवा आली नाही

अण्णा,

तुला माती दिली तेव्हा पहिली मूठ मामानं टाकली. वडील नाहीत, तेव्हा मान मामाचा, असं विधी सांगणारे स्वामी म्हणाले आणि सगळ्यांनी माना डोलावल्या. मी बायकांच्या घोळक्यात मागं उभी होते. मामा काय करतो, एवढंच बघत होते. त्यानं माती टाकली, हात पँटला पुसला आणि "माझा पोरगाच गेला की गं लीला" म्हणत माझ्या गळ्यात पडला. मी त्याच्या पाठीवर हात ठेवला नाही. लोकांना वाटलं, पोरीला धक्का बसलाय. धक्का कसला? राग आला होता. तो अजून उतरलेला नाही, आणि उतरू नये म्हणूनच मी हे लिहायला बसले आहे.

घरी येणारा प्रत्येक जण तुझ्याबद्दल एकच सांगतो. सिद्राम लई शांत माणूस. कधी आवाज चढवला नाही, कधी उलटून बोलला नाही. वहिनी पदर तोंडाला लावून ऐकत बसते. मी चहाचे कप उचलून आत जाते, कारण तिथं थांबले तर माझ्या तोंडून काहीतरी निघेल. तू एकदा, फक्त एकदा उलटून बोलला असतास ना, तर आज हे लोक आपल्या भवानी पेठेतल्या घरात चपला काढून रांगेनं बसले नसते. तुझं कौतुक ऐकताना मला तुझाच राग येतो. मेलेल्या माणसावर रागवायचं नसतं म्हणे. ज्यांनी हे ठरवलं त्यांचा भाऊ गेलेला नसणार.

आई गेल्यावर मामानं आपल्याला इथं सोलापूरला आणलं, हे मी विसरलेले नाही. त्यानं जेवू घातलं, कपडे घेतले, तुझ्या हातात पेंट फवारायचा गन दिला. पण मला शिकवलंस तू. बारावीनंतर मामानं माझ्यासाठी अक्कलकोटचं स्थळ आणलं होतं. तू काही बोलला नाहीस. नेहमीसारखा गप्प. फक्त जेवायला बसलास आणि ताट पुढं ओढलंच नाहीस. दुसऱ्या दिवशीही तेच. मामी रडायला लागली, मामा चिडला, आणि शेवटी स्थळ परत गेलं. मी कॉलेजला गेले, कॉम्प्युटर शिकले, मामाच्याच वर्कशॉपच्या ऑफिसात बसून कोटेशन करायला लागले. "आमच्या लीलाला इंग्लिशमधनं ईमेल येत्यात," असं तू वर्कशॉपजवळच्या, चिंचोळीतल्या प्रत्येक चहावाल्याला सांगायचास. माझ्यासाठी तू उपाशी राहिलास. स्वतःसाठी मात्र एक शब्द बोलला नाहीस. ह्याचे आभार मानू की ह्यासाठी भांडू, ते मला अजून कळत नाही.

आपल्याकडं ट्रकच्या बॉड्या बनायच्या. टिपर, पिकअप, दुधाच्या गाड्या. खडी आणि वाळू वाहून गाडीच्या मागच्या हौद्याचा पत्रा झिजतो, पावसाळ्यात गंजतो आणि मग गाडीमालक कपाळाला हात लावून येतो. म्हणून आपण हौद्याला आतून लायनर मारायला सुरुवात केली. जाड, काळा, खरखरीत थर. एकदा बसला की दगड आपटला तरी आवाजसुद्धा दबका येतो. सुरुवातीला बाटलीचा साधा गन होता. खाली बाटली लावायची, मटेरियल आणि हार्डनर हातानं मिसळायचं आणि ते घट्ट व्हायच्या आत मारून मोकळं व्हायचं. सोलापूरच्या उन्हाळ्यात ते बाटलीतच दगड व्हायचं. तू शिव्या देत बाटल्या फेकायचास. शिव्या बाटलीला, मामाला नाही.

मग पुण्याला मशीनचं प्रदर्शन होतं म्हणून आपण दोघं गेलो. तो दिवस मी फार जपून ठेवलाय. एका स्टॉलवर दोन नळकांड्यांचा गन होता. दोन्ही माल वेगळे राहतात आणि टोकाशी येऊन मिसळतात. प्रेशर कमी, वाफारा कमी, हीटर नाही, आपल्या शेडमधल्या विजेवर सहज चालणारा. मला तोच आवडला होता. दिवसाला एखाद-दुसरी पिकअप करायची असेल तर त्याहून जास्त लागत नाही, असं तिथला माणूसही म्हणाला. पण तू ते मोठं मशीन बघितलंस. माल आतच तापतो, गरम पाइपातून गनपर्यंत येतो, आणि मारल्या मारल्या थर धरतो. तिथल्या मुलानं पत्र्यावर मारून दाखवलं आणि आपला चहा संपायच्या आत त्यावर उभं राहून दाखवलं. तुझे डोळे असे झाले होते की मला तुझं लग्न आठवलं.

"लीला, आख्खा टिपर एका दिसात हुतोय की गं," तू म्हणालास.

मी म्हटलं, "आणि तो वाफारा? त्या माणसानं डोक्यावर काय घातलंय बघ."

त्यानं टोप घातला होता. समोर काच, मागून एक लांब नळी, आणि नळीच्या दुसऱ्या टोकाला बाहेर, स्वच्छ जागी ठेवलेला हवेचा पंप. हार्डनरचा बारीक तुषार छातीत गेला तर आयुष्यभर सुटत नाही, साध्या मास्कवर भागत नाही, हे त्यानं दोनदा सांगितलं. तू तो टोप घालून बघितलास आणि आतून हसत हात हलवलेस, चंद्रावर निघाल्यासारखा. परतीच्या बसमध्ये कडक भाकरी आणि शेंगाची चटणी खाता खाता आपलं भांडण झालं. मी म्हटलं, छोटा गन घेऊ. तू म्हणालास, मोठं मशीन. शेवटी मी हरले, पण एका अटीवर. मशीनबरोबर टोप आणि पंप आलाच पाहिजे. "व्हय गं बाई, आलाच समज," असं म्हणून तू माझ्या डोक्यावर हात ठेवलास.

मागवायच्या यादीत मी तो टोप मशीनच्या अगदी खाली लिहिला होता, म्हणजे नजरेतून सुटू नये. सुटला नाही. मामानं त्यावर बोट ठेवलं आणि म्हणाला, "ह्ये काड."

मी कारण विचारलं. त्यानं पैशाचं नाव काढलं असतं तर मी समजून घेतलं असतं. तो म्हणाला, "गाडीमालक हितं उभा ऱ्हातोय. नारळ फोडतोय, हौद्याच्या पाया पडतोय. आनि आपला मानूस त्ये टोप घालून आत उतरला की त्यो म्हननार, ह्ये काय इष मारालेत काय माज्या गाडीत? गिऱ्हाईक परत फिरतंय की." मग स्वतःच हसला. "माज्या बापानं आनि म्या जलमभर पेंट मारला. नाकाला वला पंचा बांदला, सांजच्याला गूळ खाल्ला. काय झालं आमाला?"

मशीन आलं. हवा आली नाही. तू नाकाला ओला पंचा बांधून हौद्यात उतरायला लागलास. रोज संध्याकाळी मामा शेडमध्ये येऊन सगळ्यांच्या हातावर गुळाचा खडा ठेवायचा. साध्या पेंटच्या दिवसांपासूनची रीत. गूळ खाल्ला की छातीतली घाण खाली उतरते, असं आपल्याकडं सगळेच मानतात. मीही खात होते. त्याच्या हातातून घेताना मला तेव्हा बरंसुद्धा वाटायचं.

मशीन बसवायला कंपनीचा माणूस आला होता, आठवतं? त्यानं शेडमध्ये उभं राहून विचारलं, "टोप कुठंय? टोपाशिवाय चालवू नका, माणूस जाईल." तू मान खाली घातलीस. मामा दाराशी फोनवर बोलत होता. त्या रात्री जेवताना मी मामाला शिव्या घातल्या, तेव्हा तू म्हणालास, "मामा फोनवर हुता गं. त्यानं ऐकलंच न्हाय. ठावं असतं तर त्यो मला आत उतरू दिला असता का?"

हेच आपलं भांडण, अण्णा. पुढचे सगळे महिने आपण हेच भांडत राहिलो. तू म्हणायचास, मामाला माहीत नाही. मी म्हणायचे, माहीत आहे. तू म्हणायचास, जुना माणूस, त्याला नवं मटेरियल कळत नाही. मी म्हणायचे, मग हार्डनरचा धोका लिहिलेला कागद मी छापून त्याच्या टेबलावर ठेवला तो काय भजी बांधायला? तू हसायचास आणि हसता हसता खोकायचास.

खोकला आधी सोमवारी यायचा. सुट्टीत बरा असायचास. गड्ड्याच्या जत्रेला वर्कशॉप बंद होतं तेव्हा तू पाळण्यात बसलास, वहिनीला बांगड्या घेतल्यास, रात्रभर शांत झोपलास. वर्कशॉप उघडलं आणि पहिल्याच हौद्याला परत शिट्टी वाजायला लागली छातीत. डॉक्टरांनी विचारलं, काम काय करता? तू म्हणालास, "गाड्यांचं." गाड्यांचं! पेपर टाकणारासुद्धा गाडीवरून फिरतो. त्यांनी धुळीची ॲलर्जी म्हणून तोंडानं ओढायचा औषधाचा पंप दिला. तू तो खिशात ठेवून हौद्यात उतरत राहिलास. मी शेडची चावी लपवली, मशीनचा पाइप कापीन म्हटलं, वहिनीला तुझ्या अंगावर सोडलं. तू प्रत्येक वेळी एकच म्हणालास, "एवढी ऑर्डर हू दे. मामा अडचनीत हाय."

शेवटच्या दिवशी टिपरचा हौदा होता. तीन बाजूंनी उंच पत्रा आणि मध्ये तू. मशीन सांभाळणारे इरफानभाई बाहेर होते. त्यांना गनचा आवाज थांबल्याचं कळलं, म्हणून त्यांनी शिडीवर चढून बघितलं. मी ऑफिसातून धावत आले तेव्हा तुला खाली घेतलं होतं. तुझ्या नाकावरचा पंचा त्यांनीच सोडला. तू हवा ओढत होतास, ती मिळत नव्हती. तू माझ्याकडं बघत होतास आणि मी तुझा हात धरून "अण्णा, हळू, हळू घे" असलं काहीतरी बरळत होते. काय हळू घ्यायचं होतं? गाडीत घालून निघालो, पण दवाखान्याच्या दारापर्यंतही तू थांबला नाहीस.

आता तुला पुढचं सांगते. हे तुला माहीत नाही, आणि सांगितल्याशिवाय मला घास जाणार नाही.

तुला माती दिली त्याच्या तिसऱ्याच दिवशी मी तुझा डबा आणि चपला आणायला वर्कशॉपला गेले. नवा टिपर उभा होता. गाडीमालक हातात नारळ घेऊन. मामानं मला बघितलं, डोळे पुसले, खुर्ची ओढली. म्हणाला, "बस. च्या घे. काम तर थांबवता येत न्हाय, लीला. आजपास्नं इरफान मारतोय. तू जरा त्याला मटेरियलचं बगून दे. आनि तुला कुटलं मशीन पायजे ते सांग, तुज्या मनासारकं घिऊ."

माझ्या मनासारखं! तुझ्या मातीवरचं बेलपान अजून सुकलं नव्हतं.

इरफानभाई कोपऱ्यात उभे होते. त्यांच्या गळ्यात पंचा होता, ओला. तो बघितला आणि मला जे सुचलं ते सुचलं. मी मोठ्यानं, गाडीमालकाला ऐकू जाईल असं म्हटलं, "मामा, हा हौदा तुमी मारा की. तुमच्या हाताची सफाई कुनाला न्हाय. अण्णाच्या नावानं एक हौदा मारा. मग मी उद्यापास्नं कामावर येते."

गाडीमालक खूश झाला. "व्हय की शेठ, तुमच्या हातनं हू द्या," म्हणाला. सगळी माणसं काम सोडून बघायला लागली. मामा हसला. नाही म्हणणार कसा? जन्मभर त्यानं पेंट मारलेला. त्यानं बाह्या दुमडल्या, इरफानभाईंच्या गळ्यातला पंचा घेऊन नाकाला बांधला आणि गन घेऊन शिडीपाशी गेला. इरफानभाईंनी बटण दाबलं. मशीन घरघरलं, पाइप तापायला लागला. मामानं शिडीवर एक पाय ठेवला, दुसरा ठेवला. आणि थांबला.

खरं सांगते अण्णा, त्या क्षणी मला वाटलं, ह्यानं चढावं. चढला असता तर मी हरले असते. तुझं खरं ठरलं असतं. म्हाताऱ्याला खरंच काही माहीत नव्हतं, असं समजून मी घरी येऊन पोटभर रडले असते. मला हरायचं होतं.

तो खाली उतरला. पंचा काढला. "न्हाय बाबा, मला न्हाय जमायचं," म्हणाला. "डॉक्टरनं मला सक्त सांगितलंय. त्या वाफेत उबं ऱ्हायाचं न्हाय म्हनून."

मी विचारलं, "कदी सांगितलं, मामा?"

"मशीन आलं तवाच की. बीपीच्या गोळ्या आनायला गेलतो, त्ये कंपनीवाल्याचं ऐकलं हुतं म्हनून सहज इचारलं..."

शेडमध्ये फक्त मशीन चालू होतं. त्याला कळलं आपण काय बोललो ते. त्यानं माझ्याकडं बघितलं नाही, गाडीमालकाकडं बघितलं.

इरफानभाईंनी मशीन बंद केलं. ते हळू आवाजात म्हणाले, "शेठ, तुमे खुदके वास्ते पूछे. सिदूभाई को कायकू नै बोले?"

मामा म्हणाला, "आरं तसं न्हाय." एवढंच. गाडीमालकानं नारळ परत पिशवीत घातला, टिपर चालू केला आणि गेटबाहेर काढला. मी तुझा डबा घेतला, चपला घेतल्या आणि इरफानभाईंना म्हटलं, "चला, सोडते तुम्हाला." ते स्कूटरवर मागं बसले आणि वाटेत मी त्यांना सांगितलं, मामाविरुद्ध तक्रार करणार आहे. उतरताना ते म्हणाले, "कहाँ सही करना है, बोलो."

त्यांनी सही केली आहे. मशीनपाशी काम करणाऱ्या बाकीच्यांनीही. पोलिसांकडं तक्रार गेली, कारखाने तपासणाऱ्यांकडं गेली. चिंचोळीतले जेवढे गाडीमालक माझ्या फोनमध्ये आहेत, त्या प्रत्येकाला मी स्वतः फोन करते आहे. शिव्या देत नाही, खोटं बोलत नाही. एवढंच सांगते की हौदा मारायला गाडी कुठंही लावा, गनची चौकशी करा, प्रेशरची करा, थर किती जाड बसतो ते विचारा. पण त्याआधी विचारा, मारणारा माणूस श्वास कुठून घेतो. उत्तर आलं नाही तर गाडी वळवा. मामाच्या शेडसमोर आता टिपर उभा नाही. मी मुद्दाम स्कूटर घेऊन तिथून जाते, बघते आणि घरी येऊन जेवते. मला बरं वाटतं. बरं वाटू नये असं सगळ्यांचं म्हणणं आहे.

मामी येऊन गेली. अक्कलकोटचे काका येऊन गेले. घरातलं घरात मिटव, म्हणाले. ज्यानं वाढवलं त्याला कोर्टाची पायरी चढायला लावतेस, म्हणाले. वहिनीनं त्यांना पाणी दिलं आणि माझ्या शेजारी येऊन बसली. तुझ्या शांत बायकोनं तेवढं केलं.

मला बदला हवाय, अण्णा. हा शब्द मी नीट विचार करून लिहिते आहे. न्याय वगैरे म्हणाले तर लोकांना बरं वाटेल, पण माझ्या मनात तो शब्द नाही. मला मामाला कोर्टाच्या पिंजऱ्यात उभं राहिलेलं बघायचंय. डॉक्टरला काय विचारलंत, कधी विचारलंत, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी भाच्याला हौद्यात उतरताना बघून चहा कसा प्यायलात, हे कुणीतरी त्याला मोठ्यानं विचारायला हवंय. तू असतास तर माझ्या डोक्यावर हात ठेवून "सोड गं" म्हणाला असतास. त्या हाताची मला फार आठवण येते. पण सोडणार नाही.

काल संध्याकाळी मामा स्वतः आला. आत आला नाही. उंबऱ्याबाहेर उभा राहिला, एकदम म्हातारा दिसत होता. मला वाईट वाटेल की काय अशी मलाच भीती वाटली. तुझ्या फोटोकडं बघत म्हणाला, "लीला, आज सिद्राम असता तर त्यानं मला माफ केलं असतं."

मी म्हटलं, "व्हय मामा. केलंच असतं त्यानं. म्हणून तर त्यो न्हाय."

आणि दार लावून घेतलं.